रक्त घेता येते, देता येत नाही! समलैंगिक डॉक्टरांसाठी नियम काय सांगतो?

जयंती असो वा नेत्याचा वाढदिवस, बीड जिल्ह्यात रक्तदान शिबिर ठरलेलेच. समजा, शिबिरात दिवसभर रक्त घेणारे डॉक्टर समलैंगिक आहेत आणि संध्याकाळी त्यांनाही रक्त द्यावेसे वाटले. अर्जात खरे लिहिले, तर नकार मिळेल. उपरोधिक लघुपटात शोभावा असा हा प्रसंग काल्पनिक असला, तरी नियम खरा आहे.

नियम काय?
राष्ट्रीय रक्त संक्रमण परिषदेच्या २०१७ च्या मार्गदर्शक सूचनांनुसार तृतीयपंथी, पुरुषांशी शरीरसंबंध ठेवणारे पुरुष आणि देहविक्री करणाऱ्या महिला यांना रक्तदानास कायमची मनाई आहे. वर्षानुवर्षे एकाच जोडीदारासोबत असलेल्यालाही सूट नाही.

सरकारची बाजू काय?
या गटांत एचआयव्ही व काविळीच्या संसर्गाचे प्रमाण जास्त आढळते, असे सरकार सांगते. प्रत्येक पिशवीची तपासणी होते. पण संसर्ग अगदी ताजा असेल तर तो चाचणीत सुटू शकतो. रक्त घेणाऱ्या रुग्णाची सुरक्षितता आधी, हा मुद्दा रास्तच आहे.

मग आक्षेप कशाला?
धोका माणसाच्या ओळखीत नसतो, असुरक्षित संबंधांत असतो. त्यामुळे ब्रिटनने २०२१ मध्ये आणि अमेरिकेने २०२३ मध्ये प्रत्येक दात्याला सारखेच प्रश्न विचारण्याची पद्धत आणली. भारतात मणिपूरच्या कार्यकर्त्या सांता खुराई यांनी २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयात धाव घेतली. मे २०२५ मध्ये न्यायालयाने केंद्राला तज्ज्ञांचे मत घेण्यास सांगितले.

डॉक्टरांना काय शिकवले जाते?
सर्वोच्च न्यायालयाने ६ सप्टेंबर २०१८ रोजी प्रौढांचे संमतीने होणारे समलैंगिक संबंध गुन्ह्यातून वगळले. समलैंगिकता 'बरी' करण्याचे उपचार हे गैरवर्तन असल्याचे राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाने २०२२ मध्ये कळवले. तरीही २०२४ च्या अभ्यासक्रमात याच आयोगाने समलैंगिक संबंध पुन्हा 'अनैसर्गिक गुन्ह्यां'च्या यादीत घातले. टीका होताच काही दिवसांत तो मागे घेतला. अंबाजोगाईच्या स्वामी रामानंद तीर्थ ग्रामीण वैद्यकीय महाविद्यालयापासून मुंबईपर्यंत भावी डॉक्टरांना आयोगाचाच अभ्यासक्रम लागू असतो.

तुमचा-आमचा संबंध काय?
सहकारी काय म्हणतील या धास्तीने डॉक्टर किंवा नर्सच स्वतःची ओळख लपवत असतील, तर त्यांच्यासमोर बसलेला रुग्ण खरे कसे सांगणार? आणि रुग्णाने माहिती लपवली, तर उपचार चुकू शकतात.