खऱ्या कामाचा सिनेमा

सिनेमा तुम्ही पाहिलाच असेल. त्यातला राजा खरा राजा नसतो, तो नट असतो. गोष्टही रचलेली असते. पण आणखी एका तऱ्हेचा सिनेमा असतो. त्याला माहितीपट म्हणतात. त्यात खरी माणसे आणि त्यांचे खरे काम दाखवतात.

आपल्याकडे याची सुरुवात जुनी आहे. सावेदादा भाटवडेकरांनी १८९९ साली मुंबईत एका कुस्तीचे चित्रण केले. पुढे १९४८ साली सरकारने फिल्म्स डिव्हिजन ही संस्था काढली. तिचे छोटे माहितीपट थिएटरात मुख्य सिनेमाच्या आधी दाखवीत.

मासेमारीवरचे दोन परदेशी माहितीपट फार गाजले. पहिला जॉन ग्रिअरसन यांचा ‘ड्रिफ्टर्स’, १९२९ सालचा. बोटी समुद्रात जातात, रात्री जाळी टाकतात, मासळी ओढतात आणि बंदरावर विकतात, हे त्यात दिसते. बोटीतली खोली किनाऱ्यावर बांधून घेतली होती. पण काम खरे होते.

दुसरा रॉबर्ट फ्लाहर्टी यांचा ‘मॅन ऑफ अरान’, १९३४ सालचा. त्यात आयर्लंडजवळच्या बेटांवरचे लोक भाल्याने प्रचंड शार्क मासा मारतात. पाहणाऱ्याला वाटते, हे रोज असेच करीत असतील. पण ती रीत तिथे केव्हाच बंद पडली होती. चित्रणासाठी ती लोकांना नव्याने शिकवावी लागली. पडद्यावरचे आई, बाप आणि मुलगा हेही एका घरचे नव्हते. चित्र देखणे झाले, पण बेटाचे आजचे जिणे म्हणून लोकांनी जे पाहिले, ते आजचे नव्हते.

आता आपल्याकडे पाहू या. चंद्रपूर-गडचिरोलीत समुद्र नाही. पण वैनगंगा आहे, घोडाझरीसारखा मोठा तलाव आहे, मामा तलाव आहेत. ढीवर मंडळी त्यांवर पोट भरतात. समजा, उद्या कोणी कॅमेरा घेऊन आपल्या तलावावर आले. सकाळच्या उन्हात डोंगा आणि फेकलेले जाळे छान दिसेल. पण तेवढ्यावर भागेल का? बोटुकली विकत आणून तलावात सोडावी लागते. सोसायटीला ठेक्याचे पैसे भरावे लागतात. धानाला पाणी सोडले की तलाव उतरतो. फाटलेले जाळे रात्री बसून सांधावे लागते. बाई टोपली घेऊन आठवडी बाजारात दिवसभर बसते. काठावर मासळी काय भावाने गेली आणि बाजारात काय भावाने विकली, हेही दिसायला हवे. नाहीतर शहरातला माणूस म्हणेल, “किती मजेचे काम आहे!” आणि आपली अडचण तशीच राहील.

म्हणून कॅमेरेवाला आला तर त्याला पाणी द्या, बसवा, आणि तीन गोष्टी विचारा. चित्र कशासाठी काढता? कोठे दाखवणार? तयार झाल्यावर आधी आम्हाला दाखवाल का? जे काम आपण करीत नाही, ते करून दाखवा म्हटले तर सरळ नाही म्हणा.

आता तर मोबाईलमध्येही कॅमेरा असतो. आपल्या घरची पोरेही आपले काम टिपू शकतात. त्यांना एवढेच सांगा, जाळे दाखवा, आणि जाळ्यामागचा हिशेबही दाखवा.