वरच्याची भाषा खालचा शिकतो

दर बारा कोसांवर भाषा बदलते, अशी आपल्याकडे म्हण आहे. म्हण खरी आहे, पण अपुरी. आमच्याकडे भाषा बदलायला बारा कोस चालावे लागत नाही. गल्ली बदलली, बाजारातली ओळ बदलली, किंवा समोरचा माणूस बदलला, तरी पुरते. आमच्याकडे म्हणजे धामणगाव बढ्याला. (रेल्वेचे धामणगाव वेगळे, ते अमरावती जिल्ह्यात. आमचे बुलढाणा जिल्ह्यात, मोताळा तालुक्यात.) पश्चिमेला जळगाव जिल्ह्याची हद्द लागते, दक्षिणेला अजिंठ्याचे डोंगर आहेत आणि डोंगरापलीकडे मराठवाडा. स्वातंत्र्यापूर्वी या तीन दिशांना तीन राज्यव्यवस्था होत्या. आम्ही मध्यप्रांत-वऱ्हाडात, खानदेश मुंबई इलाख्यात आणि डोंगरापलीकडचा मुलूख निजामाच्या राज्यात. सरकारे तीन असली तरी सोयरिकी, बाजार आणि वाटा एकमेकांत गुंतलेल्या. साहजिकच बोलीही गुंतल्या.

‘कुठे निघालास?’ एवढा साधा प्रश्न घ्या. आमच्या घरात तो ‘कुठी जाऊन राह्यला रे?’ असा विचारला जातो. खानदेशाकडून आलेला पाहुणा अहिराणीत ‘कथा जाई राह्यना?’ म्हणतो. मोहल्ल्यातला मित्र ‘किदर जारा रे?’ म्हणतो, तर तांड्यावरची बाई गोरमाटीत ‘कत जारो छी?’ विचारते. जरा कान देऊन ऐकले की ध्यानात येते, चौघांचे शब्द निराळे असले तरी वाक्याचा साचा एकच आहे. प्रत्येकाच्या क्रियापदात ते ‘राहणे’ कुठे पुरे, कुठे झिजलेले, पण आहेच. पुण्याचे पुस्तक ‘जातो आहेस’ म्हणते. वऱ्हाड ‘जाऊन राह्यला’ म्हणते. शाळेत आम्हाला हे अशुद्ध म्हणून शिकवले गेले. खरे पाहता शेजाऱ्यांबरोबर पिढ्यान्‌पिढ्या राहिल्याची ती खूण आहे. देवाणघेवाण दुसऱ्या बाजूनेही झाली. दख्खनी उर्दूतले ‘नक्को’ हे आपले ‘नको’, आणि ‘मैंनेच बोला’ मधला तो ठासून सांगणारा ‘च’ही मराठीचा. उत्तरेकडच्या उर्दूवाल्याला हे दोन्ही कानाला खटकतात. आमच्याकडे त्यांवाचून बोलणे पुरे होत नाही.

माझ्या लहानपणी दारावर एक मणियार यायचा. घरात तो दख्खनी बोले. आमच्या ओसरीवर आईशी, काकूशी अस्सल वऱ्हाडी. तांड्यावर गेला की बंजारा बायांशी त्यांच्या गोरमाटीत भाव करी. ज्या मारवाडी व्यापाऱ्याकडून तो उधारीवर माल उचले, त्याच्याशी मारवाडीचे चार शब्द पेरून बोले. शिवाय मशिदीत ऐकलेली अरबी. इतक्या भाषा वापरणाऱ्या या माणसाला सही करता येत नव्हती. तो अंगठा लावी. त्याला कुणी बहुभाषिक म्हटले नाही, आणि त्यालाही आपण काही विशेष करतो असे वाटत नसे. बांगडी विकायची तर बाईच्या भाषेत बोलावे लागते, एवढा त्याचा हिशेब. गुरांच्या बाजारात तर याहून निराळी भाषा चाले. दोन दलाल रुमालाखाली हात घालत, बोटे दाबून भाव ठरवत, आणि भोवती उभ्या असलेल्या दहा जणांना आकडा कळत नसे.

हे सगळे आठवले ते मोरोक्कोविषयी वाचताना. आफ्रिकेच्या उत्तर टोकावरच्या या देशातला माणूस घरात ‘दारिजा’ नावाची बोली अरबी बोलतो, किंवा आमाझिघ लोकांची स्वतःची भाषा बोलतो. वर्तमानपत्र आणि मशीद प्रमाण अरबीची. बँक, दवाखाना आणि विज्ञानाचे उच्च शिक्षण फ्रेंचचे, कारण १९१२ ते १९५६ या काळात देशाचा मोठा भाग फ्रान्सच्या संरक्षणाखाली होता. उत्तरेच्या पट्ट्यात स्पेनचा अंमल असल्याने तिकडे स्पॅनिशही कानावर पडते. बाजारातला साधा दुकानदार एका वाक्यात तीन भाषा सहज मिसळतो. बाहेरून येणारे प्रवासी याचे फार कौतुक करतात. मलाही वाचताना प्रथम मौजच वाटली, कारण हे चित्र आमच्याच बाजाराचे होते. पण पुढे एक गोष्ट ध्यानात आली, आणि कौतुकाचा रंग जरा उतरला. आमाझिघ भाषा बोलणारा दारिजा शिकतो. दारिजा बोलणारा आमाझिघ क्वचितच शिकतो. दारिजावाल्याला नोकरीसाठी फ्रेंच लागते. फ्रेंचमध्ये शिकलेल्या शहरी साहेबाला आमाझिघवाचून काही अडत नाही. २०११ च्या राज्यघटनेने आमाझिघला अरबीच्या जोडीने राजभाषेचा दर्जा दिला. त्यासाठी त्या लोकांना दीर्घकाळ झगडावे लागले.

मग मी आमच्या गावाकडे त्याच नजरेने पाहिले. मणियाराला गोरमाटी येत होती, कारण तांडा त्याचे गिऱ्हाईक होता. पण ज्यांना गिऱ्हाईक शोधत फिरावे लागत नाही, त्यांच्यापैकी कितीजणांना येत होती? गावात पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या घरांत गोरमाटीचा एक ‘याडी’ हा शब्द, म्हणजे आई, तेवढा ठाऊक असे. तांड्यावरच्या प्रत्येकाला मात्र वऱ्हाडी यावीच लागे. मजुरी मागायची, रेशन आणायचे, तलाठ्याकडे जायचे, सगळे आमच्या भाषेत. आमच्या वर्गात तांड्यावरचा एक मुलगा होता. सातवीला येईपर्यंत तो गोरमाटी, वऱ्हाडी, मोहल्ल्यातली हिंदी आणि पुस्तकी मराठी अशा चार भाषांत वावरत होता. वर्गातल्या बाकीच्यांना दीड भाषा येत होती. तरी मठ्ठ म्हणून हिणवला जाई तो तोच, कारण चौथीत, म्हणजे पुस्तकी मराठीत, तो अडखळे. उरलेल्या तीन भाषांची परीक्षा नव्हती.

याची आणखी खालची पायरी पाहायची तर आमच्याच जिल्ह्याच्या दुसऱ्या टोकाला जावे लागते. पूर्णा ओलांडून ईशान्येला गेले की जळगाव जामोद तालुका लागतो आणि सातपुड्याचे डोंगर उभे राहतात. या पायथ्याच्या काही वस्त्यांत निहाली नावाची भाषा बोलली जाते. बोलणारे दोन-अडीच हजारांच्या आसपास असावेत, असा अभ्यासकांचा अंदाज आहे. या भाषेचे जगातल्या कुठल्याही भाषाकुळाशी नाते अजून सिद्ध झालेले नाही. मराठी-हिंदी एका घराण्यातल्या, कोरकू मुंडा घराण्यातली, कन्नड-तेलुगू द्राविडी. निहाली मात्र एकटी. पाण्याला ती ‘जोप्पो’ म्हणते, विस्तवाला ‘आपो’. दोन, तीन, चार यांचे आकडे द्राविडी वळणाचे; पाचापासून पुढचे मराठी-हिंदीच्या वळणाचे. डच पंडित कायपर यांनी १९६२ साली अॅमस्टरडॅमहून तिच्यावर पुस्तक प्रसिद्ध केले. तिच्या शब्दसंग्रहाचा तिसऱ्या हिश्श्याहून अधिक भाग कोरकूतून आलेला त्यांना दिसला. पुढे पुण्याच्या आशा मुंडले यांनी तिचा शब्दसंग्रह जमवला. अॅमस्टरडॅमला जिची दखल घेतली गेली, त्या भाषेचे नावही मी शाळेत असताना आमच्या जिल्ह्याच्या भूगोलात ऐकले नव्हते.

निहाल माणसाला किती भाषा येतात? घरची निहाली. ज्यांच्या शेतावर पिढ्यान्‌पिढ्या मजुरी केली त्या कोरकूंची कोरकू. बाजारासाठी वऱ्हाडी. मध्य प्रदेशाची हद्द लागून असल्याने हिंदी. चार झाल्या. आता उलट मोजा. कोरकू माणसाला निहाली सहसा येत नाही. वऱ्हाडी शेतकऱ्याला कोरकू येत नाही. पुण्या-मुंबईच्या माणसाला वऱ्हाडी येत नाही. सिनेमात हसण्यापुरती तेवढी चालते. ही भाषांची उतरंड आहे. सगळ्यांत खालच्या मडक्यावर सगळ्यांचा भार. जो जितका खाली, त्याला तितक्या जास्त भाषा शिकाव्या लागतात. जो जितका वर, त्याचे तितक्या कमी भाषांत भागते. ज्याला आपण कौतुकाने बहुभाषिकपणा म्हणतो, त्याचा बराचसा भाग असा सक्तीचा आहे. आणि चार-चार भाषा वागवणाऱ्या घरात एखादी भाषा टाकायची वेळ आली, तर टाकली जाते ती घरचीच, कारण तिच्यावाचून पोट अडत नाही. मुलाला पुढे न्यायचे म्हणून आईबापच तिला मागे ठेवतात.

सरकारी कागदावर हा माणूस कसा उमटतो, तेही पाहण्यासारखे आहे. जनगणनेत मातृभाषा विचारतात आणि त्याखेरीज येणाऱ्या आणखी दोनच भाषा नोंदतात. म्हणजे निहाल माणसाची चौथी भाषा कागदाबाहेरच. १९७१ पासून दहा हजारांपेक्षा कमी लोकांची भाषा जाहीर तक्त्यात स्वतंत्रपणे दाखवत नाहीत. म्हणजे त्याची पहिलीही गेली. २०११ च्या गणनेत अहिराणीला ‘खानदेशी’ या नावाखाली स्वतंत्र जागा मिळाली आणि तिचे साडेअठरा लाखांवर लोक मोजले गेले. लमाणी-लंबाडी बोलणारे देशभरात बत्तीस लाखांहून अधिक निघाले, पण ती संख्या हिंदीच्या खात्यात जमा झाली. तांड्यावरच्या ज्या म्हातारीला हिंदीत धड बोलता येत नाही, तीही हिशेबात हिंदीची. त्याच गणनेनुसार देशातल्या सुमारे २६ टक्के लोकांना दुसरी भाषा येते आणि सुमारे ७ टक्क्यांना तिसरी. ग्रियर्सनसाहेबाने शंभर वर्षांपूर्वी भारतीय भाषांची पाहणी केली, तेव्हा वऱ्हाडी सातव्या खंडात गेली, निहाली-कोरकू चौथ्यात, दख्खनी नवव्याच्या पहिल्या भागात, आणि अहिराणी व बंजारी नवव्याच्याच तिसऱ्या भागात. आमच्या जिल्ह्याच्या बोली लिहायला त्याला तीन खंड उघडावे लागले. आमच्या शाळेला एक बालभारती पुरली.

याच मुलखात उलट उदाहरणही घडले आहे, म्हणून आशा धरायला जागा आहे. तेराव्या शतकात चक्रधरस्वामी गुजरातेतून वऱ्हाडात आले. ते संस्कृत जाणत होते. विद्वानांत मान हवा असता तर संस्कृत त्यांना पुरेशी होती. त्यांनी लोकांची मराठी उचलली आणि गावोगाव हिंडून तिच्यातच निरूपण केले. त्यांच्या आठवणींचा ‘लीळाचरित्र’ हा ग्रंथ म्हाइंभटांनी सिद्ध केला आणि मराठी गद्य उभे राहिले. पुढे नागदेवाचार्यांनीही, संस्कृतात लिहिल्याने साध्या बायाबापड्या वंचित राहतील, म्हणून शिष्याला संस्कृतात लिहिण्यापासून परावृत्त केले. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्र सरकारने मराठीला अभिजात भाषेचा दर्जा दिला, तेव्हा आपण सर्वांनी पेढे वाटले. त्या अभिजातपणाच्या मुळाशी, वरच्या पायरीवरचा माणूस खाली उतरून बोलला ही घटना आहे, याची आठवण मात्र फार थोड्यांनी काढली.

२०२५ साली पहिलीपासून तिसरी भाषा म्हणून हिंदी शिकवण्याच्या शासननिर्णयावरून महाराष्ट्र ढवळून निघाला, आणि २९ जून रोजी सरकारला ते निर्णय मागे घ्यावे लागले. आपल्या लेकरांवर वरून भाषा लादू नका, हा आपला आक्षेप होता, आणि तो रास्त होता. मग तोच आक्षेप तांड्यावरच्या आणि सातपुड्यातल्या लेकरांच्या वतीनेही ऐकून घ्यायला नको का? त्यांच्यासाठी पहिलीतली मराठी हीच वरून आलेली भाषा आहे. शिक्षणहक्काच्या २००९ च्या कायद्यात शक्य तोवर मातृभाषेतून शिकवावे असे लिहिलेले आहे. २०२० च्या शैक्षणिक धोरणातही घरच्या भाषेचा पुरस्कार आहे.

तांड्यावरच्या मुलाने मराठी शिकू नये, असे कुणीही म्हणणार नाही. त्याला ती हवी आहे, आणि इंग्रजीही हवी आहे. प्रश्न पहिल्या पावलाचा आहे, आणि ते कुणी टाकायचे याचा आहे. तांड्यावर नेमणूक झालेल्या गुरुजींनी पहिल्या दोन महिन्यांत गोरमाटीचे शे-दीडशे शब्द शिकावेत. जळगाव जामोदच्या डोंगरात जाणाऱ्या ग्रामसेवकाने, परिचारिकेने निदान ‘काय दुखते?’ एवढे तिथल्या भाषेत विचारावे. मोहल्ल्यातली पोरे वऱ्हाडी बोलतात, तशी बाकीच्यांनी उर्दूची अक्षरे ओळखावीत. यासाठी शासननिर्णय लागत नाही, अनुदान लागत नाही. बांगड्या विकणाऱ्या, अंगठा लावणाऱ्या माणसाला पोटासाठी जे जमले, ते पगारी, शिकल्यासवरल्या माणसाला माणुसकीसाठी जमायला हरकत नसावी. आपल्याला किती भाषा येतात, हे आपण अभिमानाने सांगतो. त्यांतली एखादी तरी आपल्याहून खालच्या पायरीवरच्या माणसाची आहे का, एवढे ज्याने त्याने मोजून पाहावे.