जमैका इन : लुटारूंची टोळी आणि तिचा न्यायाधीश

इंग्लंडच्या नैर्ऋत्य टोकाला, तीन बाजूंनी समुद्राने वेढलेल्या कॉर्नवॉलच्या मुलखात, एका वादळी रात्री काही माणसे किनाऱ्यावरचा इशाऱ्याचा दिवा दिसेनासा करतात, त्या अंधारात दिशा चुकलेले तारू खडकावर आपटून फुटते, आणि जे खलाशी लाटांशी झुंजत कसेबसे काठाला लागतात त्यांची तेथेच कत्तल होते. कारण साक्षीदार मागे उरला तर लूट पचत नाही. आल्फ्रेड हिचकॉकच्या ‘जमैका इन’ या 1939 सालच्या चित्रपटाचा हा आरंभ होय. डॅफ्ने द मॉरिए यांची याच नावाची कादंबरी त्यापूर्वी तीन वर्षे प्रसिद्ध झाली होती. पोरकी झालेली मेरी मावशीच्या आश्रयाला येते, तो मावशीचा नवरा जॉस हाच टोळीचा नाईक निघतो, आणि त्याची सराई हे चोरट्या मालाचे कोठार ठरते. ही सराई काल्पनिक नव्हे. बॉडमिनच्या ओसाड माळरानावर, समुद्रापासून बरीच आत, ती अठराव्या शतकापासून उभी आहे.

परंतु चित्रपट जॉसचा नाही, मेरीचाही नाही. तो आहे सर हम्फ्री पेंगॅलनचा. हा त्या इलाख्यातला बडा जमीनदार, आणि तोच तेथील न्यायाधिकारी. पाहुण्यांची पंगत ऐन रंगात आली असता सौंदर्याचा विषय निघतो, तेव्हा तो आपली आवडती घोडी थेट भोजनगृहात आणवतो आणि तिच्याकडे अशा कौतुकाने पाहतो की हा रसिक म्हणावा की माथेफिरू, असा प्रश्न पाहणाऱ्याला पडावा. चार्ल्स लॉटनने ही भूमिका इतक्या चवीने केली आहे की इतरांच्या वाट्याला पडदा फारसा उरतच नाही, आणि त्यात नवल नाही, कारण चित्रपट काढणाऱ्या संस्थेचा तो स्वतःच एक भागीदार होता. प्रारंभीचे काही दिवस, या इसमाची चाल कशी असावी हे ठरेपर्यंत, त्याने आपले चित्रण कमरेच्या वरच करावयास लावले आणि अखेर एका वॉल्ट्झच्या ठेक्यावर ती चाल त्याला गवसली, असा किस्सा हिचकॉक पुढे सांगत असे. जॉसच्या टोळीचा पडद्यामागचा सूत्रधार हाच. मूळ कादंबरीतला सूत्रधार मात्र धर्मोपदेशक होता. अमेरिकेतील सेन्सॉरला पाद्री खलनायक चालणार नाही म्हणून त्याच्या जागी हा जमीनदार आला. हिचकॉकची तक्रार वेगळीच होती : सूत्रधार शेवटी उघड व्हावा, तर इतका नामांकित नट त्या जागी बसवल्यावर रहस्य राहणार कसे? तक्रार रास्त आहे, आणि रहस्यकथा म्हणून चित्रपट लंगडाच पडतो.

इतिहासाच्या दृष्टीने मात्र पाद्र्याच्या जागी जमीनदार आणण्याच्या या तडजोडीतून एक अकल्पित गोष्ट साधली आहे. ती कळावी म्हणून आधी दंतकथा बाजूला काढली पाहिजे. खोटे दिवे दाखवून जहाजे फोडण्याच्या कथा कॉर्नवॉलमध्ये उदंड असल्या, तरी त्यांना भक्कम पुरावा जवळजवळ सापडत नाही. शिवाय रात्री दिवा दिसला म्हणजे जमीन जवळ आली असे समजून तांडेल गलबत दूरच नेणार, हे साधे व्यवहारज्ञान आहे. 1753 च्या कायद्याने असे दिवे लावणाऱ्याला देहान्ताची शिक्षा ठेवली होती, हे खरे; पण गोरगरीब किनारवासी प्रायः करीत ते एवढेच की, वादळाने आपसूक फुटलेल्या जहाजाचा माल वाहून आला की तो उचलून घरी नेत. चोरटा व्यापार मात्र कल्पित नव्हता : चहावरची जकात एके काळी किमतीहून अधिक, म्हणजे सुमारे 119 टक्के होती, आणि 1784 साली ती साडेबारा टक्क्यांवर येताच चहाच्या चोरट्या व्यापारात राम उरला नाही.

फुटलेल्या जहाजाच्या मालाची मालकी हा तर राजरोस दिवाणी हक्क होता. तो मूळचा राजाचा. राजाने तो सनदा देऊन ठिकठिकाणच्या जमीनदारांस बहाल केला होता. 1275 च्या कायद्याप्रमाणे त्या जहाजातून मनुष्य, कुत्रा किंवा मांजर जिवंत सुटले, तर ते बेवारस समजावयाचे नाही, आणि माल एक वर्ष व एक दिवस मूळ धन्यासाठी राखून ठेवावयाचा. अर्थात एकही जीव वाचला नाही, की सनदेचा धनी मालावर हक्क सांगावयास मोकळा! म्हणजे खलाशाच्या मरणात ज्याचा कायदेशीर लाभ, तोच पुष्कळदा त्या भागाचा न्यायाधिकारी असे, आणि भिजलेले पिंप लांबवणारा कोळी त्याच्याच पुढ्यात उभा केला जाई. पेंगॅलनने दिवे विझवविले ही चित्रपटकर्त्यांची कल्पना. न्यायाचे आसन आणि लुटीचा वाटा एकाच घरात नांदत होते, ही कल्पना नव्हे.

म्हणूनच या चित्रपटाचा शेवट आम्हांस पटत नाही. पेंगॅलनला अखेरीस भ्रमिष्ट ठरवून डोलकाठीवरून उडी घ्यावयास लावले आहे, आणि त्यायोगे सगळा दोष त्याच्या मस्तकविकारावर ढकलून कथा मोकळी झाली आहे. सनदा दाखवून किनाऱ्यावरच्या पिंपांवर हक्क सांगणारे ते जुने जमीनदार मात्र पुरते शुद्धीवर होते आणि आपली दफ्तरे नीट सांभाळून ठेवीत.