चाहत्यांच्या गर्दीपुढे धावणारे चौघे

बीटल्सचा पहिला चित्रपट घाईघाईने काढण्यामागे कलेचं काही कारण नव्हतंच. १९६३च्या शरद ऋतूत लिव्हरपूलच्या या चार पोरांच्या नावाने ब्रिटनभर मुलींच्या किंकाळ्या उठू लागल्या. वर्तमानपत्रांनी त्या वेडाचं ‘बीटलमेनिया’ असं बारसं केलं. त्याच सुमारास युनायटेड आर्टिस्ट्स या अमेरिकी चित्रपट कंपनीच्या एक गोष्ट ध्यानात आली. बीटल्सचा ध्वनिमुद्रणाचा करार दुसऱ्या कंपनीशी होता खरा, पण चित्रपटातल्या गाण्यांच्या तबकडीबद्दल त्यात काही म्हटलेलं नव्हतं. म्हणजे एखादा स्वस्तातला चित्रपट काढायचा आणि गाण्यांची तबकडी खिशात घालायची! चित्रपट आपटला तरी तबकडी पैसे वसूल करून देणार. बजेट ठरलं सुमारे दोन लाख पौंड, चित्रीकरण कृष्णधवल. मुदत जुलै १९६४ची, कारण हे वेड उन्हाळा संपेपर्यंत तरी टिकेल की नाही, याची कंपनीलाच शाश्वती नव्हती.

अशा निव्वळ दुकानदारीतून ‘अ हार्ड डेज नाइट’ जन्मला. गंमत अशी की, प्रसिद्धी आणि तिच्याभोवती चालणारा बाजार यांची इतकी टवटवीत टिंगल ब्रिटिश सिनेमात क्वचितच झाली असेल.

याचं श्रेय आधी दिग्दर्शक रिचर्ड लेस्टरला. मूळचा फिलाडेल्फियाचा हा तरुण इंग्लंडमध्ये स्थायिक झाला होता. पीटर सेलर्स आणि स्पाइक मिलिगन यांच्याबरोबर त्याने ११ मिनिटांचा एक वेडगळ लघुपट केला होता. खर्च सुमारे ७० पौंड. तरीही ऑस्करच्या नामांकनापर्यंत पोहोचलेला. बीटल्सना तो फार आवडायचा. रेडिओवरचा ‘द गून शो’ ऐकतच ही पोरं वाढली होती आणि त्या कार्यक्रमाचा मेंदू होता मिलिगन. हा मिलिगन जन्माने आपल्याकडचा. वडील ब्रिटिश फौजेत असल्याने १९१८ साली तो अहमदनगरला, म्हणजे आजच्या अहिल्यानगरला, जन्मला आणि बालपणाचा मोठा काळ पुण्यात राहिला. बीटल्सच्या तिरकस विनोदाच्या मुळाशी गेलं, तर एक धागा असा थेट नगरच्या छावणीपर्यंत येतो.

पटकथा लिहिली लिव्हरपूलमध्ये वाढलेल्या ॲलन ओवेनने. तो काही दिवस या चौघांबरोबर हिंडला आणि त्याला कथानक सापडलं: ही पोरं कैदी आहेत, त्यांच्याच यशाने त्यांना कोंडलं आहे. लेस्टर एक आठवण सांगत असे. स्वीडनचा दौरा कसा झाला, असं त्याने जॉन लेननला विचारलं, तर उत्तर आलं की, एक गाडी, एक खोली, मग पुन्हा खोली, पुन्हा गाडी. चित्रपटात नेमकी हीच तक्रार चौघांतल्या पॉलच्या आजोबांच्या तोंडी आली आहे.

कथा अशी फारशी नाहीच. चौघे आगगाडीने लंडनला येतात, टीव्हीवरच्या कार्यक्रमाची तालीम करतात, मध्येच रिंगो बेपत्ता होतो, ऐन वेळी सापडतो आणि कार्यक्रम पार पडतो. पहिल्याच दृश्यात मागे चाहत्यांची झुंड आणि पुढे हे चौघे जिवाच्या आकांताने धावताहेत. धावताना जॉर्ज हॅरिसन अडखळून पडतो, त्याच्यावर रिंगो आपटतो. ते पडणं खरंखुरं होतं. लेस्टरने ते तसंच ठेवलं.

चित्रपटाचे खरे टोले बसतात ते प्रसिद्धीभोवती जमलेल्या मंडळींना. पत्रकारांच्या घोळक्यात कोणी पॉलला विचारतं, ‘वडिलांची भेट होते का?’ तो म्हणतो, ‘नाही, आम्ही नुसते चांगले मित्र आहोत.’ जॉर्जला त्याच्या केसांच्या ठेवणीचं नाव विचारलं जातं. तो गंभीरपणे सांगतो, ‘आर्थर.’ सगळ्यांना बीटल्सचं उत्तर हवंय, ते काय म्हणताहेत ते ऐकायचं कोणालाच नाही.

दुसरा प्रसंग जाहिरातवाल्याच्या कार्यालयातला. जॉर्ज चुकून तिथे शिरतो. तरुणांची आवड ठरवण्याचा मक्ता आपल्याकडे आहे, अशा थाटात बसलेला साहेब त्याला कोणी किरकोळ पोरगा समजतो आणि नवे शर्ट दाखवतो. जॉर्ज ते शर्ट टाकाऊ ठरवतो. साहेब त्याला हाकलून देतो, पण लगेच त्याला घाम फुटतो: ही नव्या लाटेची चाहूल तर नसेल? दिनदर्शिका तपासली जाते. नवी लाट यायला अजून तीन आठवडे आहेत, असं कळल्यावर त्याचा जीव भांड्यात पडतो. तरुणाईचं बंडसुद्धा तारखा लावून विकलं जातं, हे इतक्या कमी वेळात सांगणारं दृश्य विरळाच.

आणि आजोबा! विल्फ्रिड ब्रॅम्बेल या कसलेल्या नटाने रंगवलेला हा खट म्हातारा चौघांच्या फोटोंवर खोट्या सह्या ठोकून ते रस्त्यावर विकतो. बीटल्सच्या नावावर तेव्हा विगपासून खेळण्यांपर्यंत काय काय खपत होतं, ते आठवलं की म्हाताऱ्याचा धंदा लहानसाच वाटतो.

चेहऱ्याची महती किती पोकळ असते, हे दोन प्रसंगांत दिसतं. एक बाई जॉनला ओळखल्यासारखं करते, तो नाकारत राहतो, शेवटी ती चष्मा लावून बघते आणि तो तसा मुळीच दिसत नाही, असा निर्वाळा देऊन निघून जाते. रिंगोच्या मागे रस्त्यात दोन मुली लागतात. तो जुन्या कपड्यांच्या दुकानात घुसतो, मळकट कोट आणि टोपी चढवून बाहेर येतो. पुढच्याच मुलीशी बोलू जातो, तर ती त्याला झिडकारते. माणूस तोच, नाकही तेच, उतरलं आहे ते फक्त नाव.

चाहत्यांबद्दल मात्र हा चित्रपट कठोर होत नाही. अखेरचा कार्यक्रम लंडनच्या स्काला नाट्यगृहात खऱ्याखुऱ्या तरुण प्रेक्षकांसमोर चित्रित झाला. कॅमेरा वारंवार गायकांना सोडून त्यांच्याकडे वळतो: रडणाऱ्या, हाका मारणाऱ्या, भान हरपलेल्या मुली. तिथे हसू येत नाही. त्या गर्दीत फिल कॉलिन्स नावाचा १३ वर्षांचा मुलगाही होता, जो पुढे स्वतःच मोठा गायक झाला.

६ जुलै १९६४ रोजी लंडनमध्ये राजकन्या मार्गारेटच्या उपस्थितीत पहिला खेळ झाला. वेड कमी होणं दूरच, आता चित्रपटगृहांत पडद्याकडे बघून किंकाळ्या सुरू झाल्या. दोन वर्षांनी, ऑगस्ट १९६६मध्ये, बीटल्सने दौरेच बंद केले. त्या गदारोळात त्यांना स्वतःचं गाणं ऐकू येईनासं झालं होतं.

या कहाणीला आणखी एक पदर आहे. १९७८ साली मॉन्टी पायथन या ब्रिटिश विनोदी मंडळींच्या ‘लाइफ ऑफ ब्रायन’ची निर्मिती ईएमआय या कंपनीने ऐन वेळी सोडून दिली. तेव्हा जॉर्ज हॅरिसनने घर गहाण टाकून पैसे उभे केले. या चित्रपटात ब्रायन नावाच्या साध्या माणसाला लोक बळेच प्रेषित बनवतात आणि त्याची निसटलेली चप्पल पूजतात. ‘तुम्ही सगळे स्वतंत्र माणसं आहात,’ असं तो कळवळून सांगतो, तर जमाव एका सुरात ‘हो!’ म्हणतो. चौदा वर्षांपूर्वी झुंडीपुढे धावताना पडलेल्या माणसाने या दृश्यासाठी घर पणाला लावावं, यात नवल नाही.

विडंबनाने भक्ती आटत नाही, हे दोन्ही चित्रपटांनी सिद्ध केलं. पण भक्त आणि दुकानदार यांच्यातला फरक ‘अ हार्ड डेज नाइट’इतका स्वच्छ कोणी दाखवला नाही. अवघ्या ८७ मिनिटांचा आहे. एखाद्या रविवारी जरूर पाहा, आणि पाहताना हसण्याचा रोख कोणाकडे आहे, तेवढं ध्यानात ठेवा.