जमिनीच्या लिलावाची नोटीस आली, आता पुढे काय?

अहमदपूर तालुक्यात सोसायटीचे कर्ज थकले की माणूस धास्तावतो ते जमिनीच्या लिलावाने. पण थकबाकी आणि लिलाव यांच्यामध्ये कायद्याने बऱ्याच पायऱ्या घातल्या आहेत, आणि जवळपास प्रत्येक पायरीवर हरकत घेता येते. मात्र प्रत्येक हरकतीला मुदत असते. ती टळली की न्याय्य बाजूसुद्धा ऐकली जाणे कठीण होते.

सगळ्यात आधी आपण नोटिशीचा मथळा वाचावा. कोणत्या कायद्याचे, कोणते कलम लिहिले आहे? पुढची सगळी वाट त्यावर ठरते. खासगी सावकाराची चिठ्ठी असेल तर एवढे लक्षात ठेवा, की त्याला स्वतः लिलाव करण्याचा अधिकारच नाही. उलट सावकारीतून बळकावलेली जमीन परत मिळवण्यासाठी २०१४ च्या सावकारी कायद्याखाली जिल्हा उपनिबंधकांकडे अर्ज करता येतो.

विकास सोसायटी, जिल्हा बँक किंवा पतसंस्था यांची वसुली बहुधा १९६० च्या सहकारी संस्था कायद्याच्या कलम १०१ खाली होते. संस्था निबंधकांकडे अर्ज करते, आपल्याला म्हणणे मांडायला बोलावले जाते आणि मग वसुली दाखला निघतो. तारखेला बरेच जण जातच नाहीत. कर्ज तर घेतलेच आहे, मग बोलायचे काय, असे त्यांना वाटते. पण व्याज चुकीचे लावले, भरलेला हप्ता जमा दिसत नाही, कर्जदार वारले आणि वारसांना नोटीसच नाही, या गोष्टी सांगण्याची जागा हीच असते. म्हणणे लेखी द्यावे आणि पोच घ्यावी.

दाखल्याविरुद्ध कलम १५४ खाली दोन महिन्यांत पुनरीक्षण, म्हणजे वरच्या अधिकाऱ्याकडून फेरतपासणी, मागता येते. त्यासाठी येणे रकमेचा निम्मा भाग आधी संस्थेत भरावा लागतो. थकलेल्या माणसाला ही अट फार जड जाते. पण ती कायद्यातच आहे, त्यामुळे पैशाची जुळवाजुळव पहिल्या दिवसापासून सुरू करावी. थेट उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात धाव घेतली, तर हा मार्ग का वापरला नाही, असा प्रश्न तिथे पहिल्यांदा विचारला जातो.

दाखल्यानंतर नियम १०७ प्रमाणे मागणी नोटीस, जप्ती आणि लिलावाचा जाहीरनामा येतो. जाहीरनामा लिलावाच्या किमान ३० दिवस आधी लागायला हवा. तो बारकाईने वाचावा: गट नंबर, क्षेत्र, चतुःसीमा, बोजा आणि हातची किंमत, म्हणजे जिच्याखाली बोली सुरू होत नाही ती रक्कम. गट नांदेड-लातूर महामार्गाला लागून असताना किंमत आतल्या कोरडवाहू शिवाराच्या दराने धरली असेल, तर लगेच लेखी हरकत घ्यावी आणि शेजारच्या गटांच्या खरेदीखतांच्या नकला जोडाव्यात. थोड्या रकमेसाठी अख्खा गट विक्रीला काढला असेल तर तेही मांडावे. दिवाणी न्यायालयाच्या लिलावाबाबत सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्येच सांगितले आहे, की वसुलीला पुरेल एवढीच मालमत्ता विकायची. सहकारातल्या लिलावातही हा मुद्दा मांडण्यासारखा आहे.

सातबाऱ्यावर बहिणीचे किंवा चुलत्याचे नाव आहे, त्यांनी कर्जावर सही केलेली नाही, तरी त्यांचा हिस्साही जप्तीत गेला, असे झाले तर त्यांनी स्वतःच्या नावाने, लिलावाआधी वसुली अधिकाऱ्याकडे दावा सांगावा. कर्जदाराने त्यांच्या वतीने तोंडी सांगून भागत नाही.

लिलाव झाला तरी ३० दिवस हातात असतात, आणि नेमके हेच दिवस गावात हातपाय गाळून जातात. जाहीरनाम्यातली थकबाकी आणि खरेदीदारासाठी बोलीच्या ५ टक्के रक्कम या मुदतीत भरली, तर विक्री रद्द करून मागता येते. पैसे नसतील, पण प्रसिद्धीत किंवा बोलीत गंभीर चूक अथवा लबाडी झाली असेल, तर त्याच ३० दिवसांत वेगळा अर्ज करता येतो. तिथे नुसती चूक दाखवून चालत नाही. त्या चुकीने आपले ठोस नुकसान झाले हेही दाखवावे लागते.

नोटिशीवर २००२ चा सरफेसी कायदा लिहिला असेल तर ६० दिवसांची मुदत असते. त्या काळात लेखी हरकत दिली तर बँकेला १५ दिवसांत उत्तर द्यावे लागते. २०२० मध्ये मुरगूडच्या एका सहकारी बँकेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने सहकारी बँकांनाही हा कायदा लागू असल्याचे ठरवले. मात्र शेतजमिनीवरचे तारण या कायद्यातून वगळले आहे. जमीन खरोखर शेतीत आहे, हे कर्जदारानेच सिद्ध करायचे असते आणि नुसत्या नोंदीपेक्षा प्रत्यक्ष वापर पाहिला जातो. म्हणून दर हंगामात सोयाबीन, हरभरा, जे असेल त्याची ई-पीक पाहणी न चुकता करावी. बँकेने ताबा घेण्याची कारवाई केली, तर ४५ दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे जावे लागते.

कर्जमाफी येईल या आशेवर मात्र मुदत घालवू नये. घोषणा झाली म्हणून लिलाव आपोआप थांबत नाही. थांबवतो तो लेखी स्थगिती आदेश. वकिलाचा खर्च झेपत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करावा. महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. जाताना नोटीस, तिचे पाकीट, सातबारा, आठ-अ आणि भरलेल्या सगळ्या पावत्या सोबत न्याव्यात. नोटीस कधी मिळाली हे त्या पाकिटावरच्या टपाल शिक्क्यावरून दाखवता येते.