खपाच्या कादंबऱ्यांची वकिली

जोतीराव फुले यांनी १८७३ साली आपला ‘गुलामगिरी’ हा ग्रंथ अमेरिकेतील गुलामांना दास्यमुक्त करणाऱ्या सज्जनांस अर्पण केला, हे मराठी वाचकास ठाऊक आहे. त्या सज्जनांची मने तयार करण्यात एका कादंबरीचा वाटा मोठा होता. हॅरिएट बीचर स्टो यांची ‘अंकल टॉम्स केबिन’ १८५२ साली ग्रंथरूपाने निघाली आणि वर्षभरातच अमेरिकेत तिच्या सुमारे ३ लाख प्रती खपल्या. असे असूनही विसाव्या शतकातील विद्यापीठीय समीक्षेने ती दीर्घकाळ दाराबाहेरच ठेवली. एफ. ओ. मॅथिसन यांच्या १९४१ च्या ‘अमेरिकन रेनेसान्स’ या वजनदार ग्रंथाने त्या काळाचे वाङ्मय ज्या पाच लेखकांभोवती उभे केले, ते इमर्सन, थोरो, हॉथॉर्न, मेलव्हिल आणि व्हिटमन हे पाचही पुरुष होते.

या निवाड्याची फेरतपासणी जेन टॉम्पकिन्स यांनी आपल्या ‘सेन्सेशनल डिझाइन्स’ (१९८५) या ग्रंथात केली. त्यांचे म्हणणे असे की, कादंबरी सुंदर आहे की नाही एवढेच विचारून भागत नाही. तिने आपल्या समाजात कोणते काम केले, हेही विचारले पाहिजे. स्टो यांच्या कादंबरीतील छोट्या ईव्हाचा मृत्यू हा आधुनिक समीक्षकाला भाबडा अश्रुपात वाटतो. परंतु घरोघरी बायबल वाचणाऱ्या तेव्हाच्या वाचकांच्या लेखी निष्पाप बालकाचे मरण हे इतरांच्या उद्धारासाठी केलेले बलिदान होते आणि डोळ्यांतील पाणी ही हृदयपालटाची खूण होती. रेचल हॅलिडे या क्वेकर गृहिणीच्या स्वयंपाकघराचे वर्णनही टॉम्पकिन्स नव्या समाजाचा आराखडा म्हणून वाचतात. या आराखड्यात सत्ता आईच्या हाती आहे.

ग्रंथाचा सर्वांत झोंबणारा भाग हॉथॉर्न यांच्याविषयीचा आहे. बाजारात पत जशी ओळखीपाळखीने वाढते, तशीच ती साहित्यातही वाढते, हे या प्रकरणावरून दिसते. हॉथॉर्न यांच्या १८३७ च्या कथासंग्रहाचे भरघोस स्वागत करणारे लाँगफेलो हे त्यांचे बोडन कॉलेजातील सहाध्यायी होते. शिवाय, समकालीनांनी वाखाणलेल्या त्यांच्या कथा आज कोणी फारशा वाचत नाही. ज्या आज श्रेष्ठ मानल्या जातात, त्या तेव्हा बहुधा दुर्लक्षित राहिल्या. म्हणजे कीर्ती टिकली, पण तिची कारणे पिढीगणिक पालटली! सुझन वॉर्नर यांच्या ‘द वाइड, वाइड वर्ल्ड’ (१८५०) या अफाट खपलेल्या कादंबरीला असे वारसदार लाभले नाहीत. ती १९८७ साली एका स्त्रीवादी प्रकाशनसंस्थेने पुन्हा छापली, तेव्हा तिला टॉम्पकिन्स यांचाच उपसंहार जोडलेला होता.

ही वकिली पटण्याजोगी असली तरी एक अडचण उरतेच. पुस्तकाने काम केले, एवढ्यावरून ते काम न्याय्य होते असे ठरत नाही. जेम्स बॉल्डविन यांनी १९४९ साली स्टो यांच्या भावविवशतेवरच कडाडून हल्ला चढविला होता. तिच्याआड खऱ्या काळ्या माणसाविषयीची भीती दडलेली आहे, असा त्यांचा आरोप होता. कादंबरीच्या अखेरीस जॉर्ज हॅरिस सहकुटुंब लायबेरियाला निघून जातो, हेही विसरता येत नाही. मुक्त झालेल्या माणसाला अमेरिकेत जागा नाही, हा निष्कर्षही वाचकांच्या मनावर ‘काम’ करीतच होता.

‘वेस्ट ऑफ एव्हरीथिंग’ (१९९२) या पुढील ग्रंथात टॉम्पकिन्स पुरुषांच्या लोकप्रिय कथेकडे, म्हणजे काउबॉयच्या कादंबऱ्या व चित्रपटांकडे वळतात. ओवेन विस्टर यांच्या ‘द व्हर्जिनियन’ (१९०२) पासून पुढे बहरलेला हा प्रकार त्यांच्या मते त्या घरगुती, धार्मिक स्त्रीवाङ्मयाला दिलेले उत्तर होय. दिवाणखान्याच्या जागी वाळवंट आले, प्रार्थनेच्या जागी पिस्तूल. नायक मितभाषी, कारण बोलणे हे बायकांचे शस्त्र. या कथांतील गुरांवरही एक प्रकरण आहे: ज्यांच्या मांसावर तो सारा व्यवहार चालतो, ती जनावरे कथेत असूनही कोणाला दिसत नाहीत. विशेष म्हणजे लेखिकेला या कथांची मनापासून आवड आहे आणि ती त्या लपवीत नाहीत.

सत्तेचा हाच प्रश्न त्यांनी अखेर स्वतःच्या वर्गात नेला. १९९० च्या एका लेखात व नंतर ‘अ लाइफ इन स्कूल’ (१९९६) या आत्मपर ग्रंथात त्या सांगतात की, विद्यार्थ्यांना शिकविण्यापेक्षा आपली हुशारी, ज्ञान आणि तयारी त्यांच्यापुढे सिद्ध करण्यातच आपले चित्त गुंतलेले असे. शाळकरी वयातील भीतीपर्यंत त्या याचे मूळ शोधतात. मग वर्ग चालविण्याची बरीचशी जबाबदारी त्यांनी विद्यार्थ्यांकडे सोपविली. ड्यूकसारख्या संपन्न खाजगी विद्यापीठात, मोजक्या विद्यार्थ्यांपुढे हे साधणे तुलनेने सोपे. जेथे एका वर्गात शंभर विद्यार्थी बसतात आणि प्रश्नपत्रिका बाहेरून येते, तेथील अध्यापकाजवळ सोपविण्यासारखे अधिकार मुळात किती असतात? टॉम्पकिन्स यांच्या ग्रंथांत या प्रश्नाचे उत्तर शोधू जाता सापडत नाही. मात्र व्याख्यानपीठावर उभा असलेला माणूस नेमका कोणासाठी बोलत असतो, या त्यांच्या प्रश्नाला वर्गातील विद्यार्थ्यांची संख्या आड येत नाही.