ऐंशी सेकंदांची चित्रकला

चित्र काढून शब्द ओळखायला लावायच्या खेळात चांगला चित्रकार बहुतेक वेळा मागे पडतो. हे विधान कलाशाळेत शिकलेल्या मंडळींना झोंबेल, पण स्क्रिबल डॉट आयओवर एकदा त्यांच्याबरोबर खेळायला बसा. 'मोर' असा शब्द आला की हात चांगला असलेला माणूस आधी मानेचा बाक जमवतो, पुसतो, पुन्हा काढतो. त्याला डोळ्याखालची पांढरी रेघही हवी असते. तेवढ्यात घड्याळ निम्म्यावर येतं आणि बाकीचे 'बदक', 'हंस', 'सुरई' असं काहीबाही टाइप करत बसलेले असतात. चित्रकलेच्या तासाला ज्याला कायम 'क' मिळाला, तो मात्र एक अंडं काढतो, त्याच्या मागे सात-आठ रेघा पसरून ओढतो आणि प्रत्येक रेघेच्या टोकाला निळा ठिपका देतो. पंधरा सेकंदांच्या आत तिघांनी ओळखलेलं असतं.

ज्यांनी हा खेळ पाहिलेला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. ब्राउझरमध्ये साइट उघडायची, नाव टाकायचं आणि खाजगी खोली तयार करायची. खातं काढावं लागत नाही, काही डाउनलोडही करायचं नसतं. खोलीची लिंक व्हॉट्सअ‍ॅपच्या ग्रुपवर टाकली की ज्याला यायचं तो येतो. ज्याची पाळी असेल त्याला तीन शब्द दिसतात. त्यांतला एक निवडून चित्र सुरू करायचं. वेळ कमी-जास्त करता येते, पण काही बदललं नाही तर 80 सेकंद मिळतात आणि तीन फेऱ्या होतात. बाकीच्यांना फक्त शब्दातल्या अक्षरांइतक्या तुटक रेघा दिसतात. वेळ जाईल तसं त्यांतलं एखादं अक्षर उघडं होतं. लवकर ओळखणाऱ्याला जास्त गुण मिळतात आणि चित्र काढणाऱ्याचे गुण त्याचं चित्र इतरांनी ओळखण्यावर ठरतात, म्हणजे मुद्दाम कूट चित्र काढून कुणाचंच भलं होत नाही. उत्तर एखाद्या अक्षराने हुकलं तर 'जवळ आलात' असा निरोप येतो. एकदा ओळखलं की पुढे तुम्ही जे लिहाल ते फक्त ओळखलेल्यांनाच दिसतं. खेळाची निम्मी मजा त्या चावडीवर असते, कारण न ओळखलेल्यांची तिथे यथेच्छ टर उडवता येते.

पडद्यावर रेघ उमटत असताना ती दूरच्या मित्राला जवळजवळ त्याच क्षणी दिसते. यासाठी पूर्ण चित्र पुन्हा पुन्हा पाठवावं लागत नाही. पेन कुठून कुठे गेलं, रंग कोणता, जाडी किती, एवढेच आकडे पाठवले जातात आणि समोरच्याचा ब्राउझर त्यावरून रेघ स्वतः ओढतो. म्हणून व्हिडिओ कॉल अडखळत असलेल्या गावच्या नेटवरसुद्धा हा खेळ सुरळीत चालतो. लॉकडाउनमध्ये तो घराघरांत शिरला त्याचं एक कारण हे असावं, असं मला वाटतं.

खेळाचं मूळ मात्र इंटरनेटच्या आधीचं आहे. रॉब एंजल नावाचा अमेरिकन तरुण कॉलेज संपवून मित्रांबरोबर एकाच घरात राहत असताना मूकाभिनयाचा खेळ कागदावर खेळायला लागला. शब्दकोश घेऊन बसायचं, त्यातला शब्द उचलायचा आणि तो चित्रातून सांगायचा. पुढे सिअ‍ॅटलमध्ये हॉटेलात वेटरचं काम करता करता त्याने त्या शब्दांची पद्धतशीर यादी केली आणि दोन भागीदारांच्या मदतीने 1985 साली 'पिक्शनरी' बाजारात आणली. पहिले हजार डबे या मंडळींनी स्वतःच्या हाताने भरले. 2001 मध्ये तो खेळ मॅटेल या खेळण्यांच्या कंपनीने विकत घेतला. आपल्याकडे तो परदेशातून आलेल्या काका-मामांच्या बॅगेतून आला आणि त्यातले निम्मे शब्द अमेरिकेतल्या स्वयंपाकघराचे किंवा बेसबॉलच्या मैदानातले असल्यामुळे कपाटावर जाऊन पडला.

इंटरनेटवर हा प्रकार 1999 मध्ये 'आयस्केच'ने आणला. तो शॉकवेव्ह नावाच्या जोडणीवर चालायचा. अडोबीने 2019 मध्ये शॉकवेव्ह बंद केलं आणि त्या काळातले असे कितीतरी खेळ इतिहासजमा झाले. मधल्या काळात मोबाइलवर एक वादळ येऊन गेलं. फेब्रुवारी 2012 मध्ये ओएमजीपॉप या न्यूयॉर्कच्या कंपनीने 'ड्रॉ समथिंग' काढला. यात घड्याळ नव्हतं. सावकाश चित्र काढून पाठवायचं, समोरचा सवडीने ओळखणार. 50 दिवसांत 5 कोटी डाउनलोड झाले आणि त्याच मार्चमध्ये झिंगा कंपनीने ओएमजीपॉप सुमारे 18 कोटी डॉलरना घेतली. विकत घेतल्यानंतर काही आठवड्यांतच खेळणारे गळायला लागले आणि 2013 मध्ये ओएमजीपॉपला टाळं लागलं. याची कारणमीमांसा पुष्कळांनी केली आहे. माझं मत साधं आहे: घड्याळ काढलं की घाई जाते, आणि घाई गेली की गंमत जाते. सावकाश काढलेली चित्रं सुबक होतात, पण त्यांच्यावर कुणी खो खो हसत नाही.

मराठीत खेळायचं म्हटलं की खरी कसरत सुरू होते. स्क्रिबलमध्ये निवडायला पुष्कळ भाषा आहेत, पण त्या यादीत मराठी नाही. सोय अशी की खोली तयार करताना आपले शब्द स्वल्पविराम देऊन टाकता येतात आणि 'फक्त आपलेच शब्द' असा पर्यायही निवडता येतो. मग उत्साहाने 'किल्ला' असा शब्द देवनागरीत टाकला, की खेळणाऱ्यांपुढे सहा रेघा! संगणकाच्या लेखी क, वेलांटी, ल, हलन्ताची खूण, पुन्हा ल आणि काना अशी ही सहा स्वतंत्र चिन्हं आहेत. आपण जोडाक्षर धरून दोन मोजतो. 'श्री'च्या चार रेघा होतात. मदत म्हणून अक्षर उघडं व्हायचं तर कधी नुसती वेलांटीच उघडी होते, बिचारी ठिपक्यांच्या वर्तुळावर बसून. शिवाय ऱ्हस्व-दीर्घाचा घोळ वेगळाच. चित्र अचूक ओळखून 'पाणि' असं लिहिणाऱ्याला खेळ पुढे जाऊ देत नाही. मराठीच्या मास्तरांना यात समाधान वाटेल, आठ वर्षांच्या मुलीला वाटत नाही.

म्हणून बहुतेक घरं शब्द रोमन लिपीत टाकतात. तिथे वडापावचं पहिलं अक्षर 'व्ही' की 'डब्ल्यू', दोन शब्द की एक, यावरून भांडणं होतात. ती खेळाआधी मिटवावीत. आमच्याकडे ठरलेला नियम असा: जोडशब्द नाहीत, 'व'ला कायम 'व्ही', आणि दीर्घ स्वर दुहेरी लिहायचा नाही.

शब्द निवडणं ही स्वतंत्र कला आहे. गुढी, आकाशकंदील, दहीहंडी हे शब्द पाच सेकंदांत संपतात. ते लहान मुलांच्या पाळीसाठी ठेवावेत. पाटा-वरवंटा, टपरी, लेझीम, नऊवारी हे मधल्या दर्जाचे. 'नऊवारी'ला सगळे आधी 'साडी' लिहितात, मग 'लुगडं', आणि काढणारी काष्ट्याकडे बाणांवर बाण मारत राहते. त्याहून अवघड म्हणजे 'उधारी', 'वशिला', 'माहेर'. आमच्या एका मैत्रिणीने 'माहेर' काढताना घर, झाड, बस असं सगळं काढून पाहिलं. उत्तरं आली 'शाळा', 'हॉटेल', 'म्हाडा'. शेवटी तिने बसमधून उतरणाऱ्या बाईच्या हातात एक रिकामी पिशवी आणि परत जाणाऱ्या बाईच्या हातात सहा भरलेल्या पिशव्या काढल्या. सगळ्या बायकांनी एकदम ओळखलं. पुरुष शेवटपर्यंत 'भाजी मंडई'वर अडून बसले.

अशा क्षणांत काय घडतं यावर संशोधकांनी प्रयोग केलेले आहेत. ग्लासगो विद्यापीठातले सायमन गॅरॉड, त्यांचे सहकारी निकोलस फे आणि इतरांनी 2007 मध्ये एक अभ्यास प्रसिद्ध केला. त्यात माणसांना पिक्शनरीसारखा खेळ, ठरावीक शब्द घेऊन, पुन्हा पुन्हा खेळायला लावला. बोलायला बंदी. सुरुवातीला चित्रं तपशीलवार होती. फेऱ्या वाढत गेल्या तशी ती आटत गेली आणि शेवटी दोन-चार रेघांची खूण उरली. जे खेळात होते त्यांना ती खूण चटकन कळायची, बाहेरून बघणाऱ्याला तितकी कळायची नाही. आणखी एक गोष्ट दिसली: समोरून प्रतिसाद मिळत नसेल तर त्याच माणसाची चित्रं सोपी होण्याऐवजी गुंतागुंतीची होत जातात. म्हणजे चित्र सोपं होण्यात बघणाऱ्याचाही वाटा असतो.

आमच्या शाळासोबत्यांच्या ग्रुपमध्ये याचा रोकडा पुरावा आहे. गणिताचे सर बारा महिने छत्री घेऊन यायचे. कुणीतरी एकदा 'परीक्षा' या शब्दासाठी उत्तरपत्रिका काढून झाल्यावर वैतागून कोपऱ्यात छत्री काढली आणि धडाधड उत्तरं आली. आता 'परीक्षा', 'शिक्षा', 'गणित', 'भीती' या सगळ्यांची सुरुवात छत्रीने होते आणि त्यापुढची एखादी रेघ कोणता शब्द ते सांगते. एकाची बायको पहिल्यांदा खेळायला आली तेव्हा ती 'पावसाळा', 'रेनकोट', 'कोकण' असं लिहीत राहिली. आमच्यातले दोघे अमेरिकेत असतात. आपल्याकडे रविवारी सकाळी साडेआठ वाजता कॅलिफोर्नियात उन्हाळ्यात शनिवारचे रात्रीचे आठ वाजलेले असतात. ती वेळ दोन्हीकडे जमते. फोनवर या मंडळींशी बोलणं पाच मिनिटांत आटोपतं. खेळायला बसलो की दीड तास कुठे जातो कळत नाही, आणि त्या दीड तासात कुणाची नोकरी, कुणाचं गुडघ्याचं ऑपरेशन हे विषय मधल्या मधल्या वेळात आपोआप निघतात.

माणसाच्या जागी यंत्र ओळखायला बसवलं तर काय होतं, हे गुगलने 2016 मध्ये 'क्विक, ड्रॉ!' या खेळातून पाहिलं. 20 सेकंदांत चित्र काढायचं, आणि यंत्र मोठ्याने अंदाज बांधत राहतं. जगभरच्या लोकांनी काढलेल्या त्या चित्रांतून 345 प्रकारांची 5 कोटी चित्रं गुगलने पुढच्या वर्षी अभ्यासकांसाठी खुली केली. त्यातून काही मजेदार गोष्टी हाती आल्या. क्वार्ट्झ या वृत्तस्थळाने नुसती वर्तुळं तपासली तेव्हा अमेरिकेतले बहुतेक लोक वर्तुळ घड्याळाच्या उलट दिशेने काढतात, तर जपानातले बहुतेक घड्याळाच्या दिशेने, असं दिसलं. लिपी गिरवताना हाताला लागलेलं वळण हे त्याचं एक कारण सांगितलं जातं. बुटाचं उदाहरण अधिक बोलकं आहे. बहुतेकांनी बूट म्हणून खेळाडूंचे बूट काढले. यंत्र तेच शिकलं आणि उंच टाचेची चप्पल त्याला ओळखूच येईना. यंत्राला पक्षपात कसा चिकटतो हे समजावताना गुगलनेच हा दाखला वापरला. आपल्या पोरांनी कोल्हापुरी काढली तर यंत्र काय म्हणतं, ते घरी करून पाहण्यासारखं आहे.

देवनागरीचा अडथळा नको असेल तर 'गार्टिक फोन' खेळावा. हा ब्राझीलचा, 2020 च्या अखेरीस आलेला. कानगोष्टींचाच हा अवतार. प्रत्येकाने एक वाक्य लिहायचं, पुढच्याने त्याचं चित्र काढायचं, त्याच्या पुढच्याने फक्त चित्र पाहून वाक्य लिहायचं, असं शेवटपर्यंत. उत्तर तपासायचं नसल्यामुळे शुद्धलेखनाची भानगड नाही; मराठीत काहीही लिहा. शेवटी सगळी साखळी एकेक करून सगळ्यांसमोर उलगडते. 'आजी एसटीच्या टपावर पापड वाळत घालते' या वाक्याचा प्रवास आमच्याकडे 'बाई बसवर नाणी फेकते'मार्गे 'चेटकिणीने डेपो लुटला' इथे संपला. गुणांचा हिशेब नसल्यामुळे रुसवेफुगवेही होत नाहीत, आणि सात-आठ जण असतील तर स्क्रिबलपेक्षा हाच खेळ मला सरस वाटतो.

दोन व्यवहाराच्या गोष्टी. फोनवर खेळताना कीबोर्ड उघडला की निम्मा पडदा झाकला जातो, म्हणून ज्येष्ठांना लॅपटॉप किंवा टॅब्लेट द्यावा. त्यांना रेघ बोटाने ओढायला माउसपेक्षा सोपी जाते. आणि मुलांना अनोळखी लोकांच्या सार्वजनिक खोल्यांत एकटं सोडू नये. तिथे शब्द कोणताही असो, अश्लील चित्रं आणि शिवीगाळ सर्रास चालते. एखाद्याला मताने बाहेर काढायची सोय आहे, पण तोवर दिसायचं ते दिसून गेलेलं असतं. खाजगी खोली करायला अर्धं मिनिट लागतं.

काढायचं कसं, याचा धडा आपल्याच दिवाळी अंकांत आहे. शि. द. फडणिसांची शब्दाविना हास्यचित्रं चाळून पाहा: विनोद कळायला जे लागतं ते ठळक आणि सहज नजरेत भरणारं. खेळातही ज्या एका गोष्टीने वस्तू ओळखू येते ती आधी काढावी. उंटाची मदार आधी, पाय नंतर. वारीला आधी पताका, माणसं वेळ उरली तर. रंगाची बादली वापरायला कंजूषी करू नये. निळ्याचा एक शिडकावा निम्म्या मंडळींना समुद्रापर्यंत पोचवतो.

या दिवाळीत फराळानंतर मंडळी आपापल्या फोनमध्ये डोकं घालून बसली, तर तेच फोन एका खोलीत आणा. पन्नासेक शब्दांची यादी आदल्या रात्री करून ठेवा, त्यात घरचे चार-पाच शब्द असू द्या. ज्याने यादी केली त्याला शब्द ठाऊक असतात, म्हणून दोन घरांनी मिळून खेळायचं असेल तर आपापली यादी एकमेकांना द्या आणि आपल्या यादीच्या फेरीत गुण घेऊ नका. या बाबतीत जावयालाही सूट नाही.